ताहाराबादच्या कुलकर्ण्याची लेखणी

राहुरी म्हटलं की आज कृषी विद्यापीठ आठवतं, ऊस आठवतो. त्याच तालुक्यातल्या ताहाराबादची ओळख मात्र एका लेखणीची. 1715 साली दादोपंत कांबळ्यांच्या घरी महिपती जन्मले. घरात कुलकर्णीपण, वसुलाचे हिशेब आणि जागीरदाराकडच्या खेपा ओघानं आल्याच. सांगतात की एकदा ते पूजेला बसलेले असताना जागीरदाराचा शिपाई बोलावणं घेऊन आला. पूजा आटोपून येतो, हे त्याला मानवेना. तो नाही नाही ते बोलला. महिपती गेले, काम उरकून परतले आणि कानावरची लेखणी देवापुढे ठेवली. ती यापुढे चाकरीसाठी उचलायची नाही, फक्त संतांची चरित्रं लिहायची.

लिहिण्याची आज्ञा म्हणे तुकोबांनी स्वप्नात येऊन दिली. पण तुकोबा 1650 मध्येच गेलेले, महिपती जन्मले त्याच्या पासष्ट वर्षं आधी! म्हणजे ज्याचं चरित्र लिहायचं त्याची भेट शक्यच नव्हती. तिकडे लंडनमध्ये मात्र बॉस्वेल नावाचा तरुण 1763 च्या मे महिन्यात एका पुस्तकाच्या दुकानात डॉ. जॉन्सन या लेखकाला भेटला आणि पुढं त्यांचं बोलणं टिपत राहिला. त्याच्या आदल्याच वर्षी महिपतींचा 'भक्तविजय' पुरा झाला होता. बॉस्वेलचा नायक समोर बसून जेवत होता, चिडत होता, वाद घालत होता. महिपतींच्या हाताशी काय, तर अभंग, लोकांच्या तोंडच्या गोष्टी आणि नाभाजी, उद्धवचिद्घन यांच्यासारख्या आधीच्या चरित्रकारांचे ग्रंथ. हे मी मनचं रचलेलं नाही, यांच्याकडून घेतलंय, असं ते सरळ सांगून टाकतात. हा कुलकर्ण्याचा चोखपणा मला फार आवडतो.

'भक्तलीलामृत' 1774 चं. त्यात तुकोबा सावकारीचे कागद काढतात, अर्धे धाकट्या भावाला, कान्होबाला देतात आणि आपल्या वाटणीचे इंद्रायणीत सोडतात. कर्जखतं म्हणजे काय, हे ज्याला पिढीजात ठाऊक, त्यानं हा प्रसंग सांगावा यात गंमत आहे. घेणं कसं पिढ्यान्‌पिढ्या चालतं, कुळाची मान कशी खाली राहते, हे कुलकर्ण्याला कुणी समजावून सांगायला नको. एकानं कागद बुडवले, दुसऱ्यानं लेखणी ठेवली. महिपतींना तुकोबाच इतके जवळचे का वाटले, याचं उत्तर मला स्वप्नापेक्षा इथं सापडतं.

चमत्कार आहेत, भरपूर आहेत. तुकोबांच्या अभंगांच्या वह्या पाण्यातून कोरड्या वर येतात, शेवटी वैकुंठाचं विमान येतं. इतिहासाचे अभ्यासक इथं कपाळाला आठ्या घालतात, आणि त्यांचंही खरं आहे. सनावळीसाठी महिपतींकडे जाऊ नये. पण तुकोबांची बायको आवली बघा. तुकोबा उसाची मोळी घेऊन निघतात, वाटेत पोरं मागतात, हे देत सुटतात. घरी पोचतो एकच ऊस. ती तोच त्यांच्या पाठीत हाणते. घरात दाणा नाही, पोरं उपाशी, नवरा डोंगरावर, आणि ही त्या काळ्या विठोबाला शिव्या देत त्याच नवऱ्यासाठी भाकरी घेऊन डोंगर चढते. पायात काटा मोडतो तो काढायलाही विठ्ठलच येतो. भक्तानं लिहिलेल्या चरित्रात देवाला शिव्या घालणारी बाई इतकी जिवंत उतरावी! तिला गप्प बसवणं सोपं होतं. महिपतींनी तिचं भांडण तिच्याकडेच ठेवलं, आणि पोथी ऐकायला बसलेल्या बायांना आपलं घर ओळखू आलं असणार.

महिपती 1790 मध्ये गेले. बॉस्वेलचं जॉन्सनचरित्र निघालं 1791 मध्ये. बॉस्वेल आपण महाविद्यालयात शिकतो, महिपतींची पोथी मात्र लाल फडक्यात आजीच्या देव्हाऱ्यापाशी राहते. फडकं सोडा. 'भक्तलीलामृता'तला तुकोबांचा भाग पंचविसाव्या अध्यायापासून आहे. आवलीसाठी तरी तो वाचाच.