आजीची चाल

मागील नाताळात गोठा मांडून झाल्यावर आमच्या घरातील मुलांनी एक नवाच हट्ट धरला. गोठ्यातील मेंढपाळ चालते करायचे! ‘स्टॉप-मोशन’ हे तंत्र त्यांना कोठूनसे कळले होते. वस्तू तसूभर सरकवायची, चित्र घ्यायचे, पुन्हा सरकवायची. अशी बारा चित्रे वेगाने दाखविली की पडद्यावर एक सेकंद सरतो.

आम्हां थोरांना हे परदेशी खूळ वाटले. वस्तुतः आपल्याकडे ते शतकाहून जुने आहे. मुंबईत ख्रिस्तचरित्रावरील मूकपट पाहून चित्रपटाकडे वळलेल्या दादासाहेब फाळके यांनी कुंडीत वाटाणा पेरला, रोज त्याचे चित्र टिपले आणि १९१२ साली त्याचा वेल पडद्यावर वाढताना दाखविला. १९१५ साली ‘आगकाड्यांची मौज’ या लघुपटात त्यांनी आगकाड्यांनाही जिवंत केले.

गोठ्यातील मेंढपाळांचे पाय हलेनात. तेव्हा तारेच्या सांगाड्यावर माती लिंपून आम्हीच बाहुली घडविली. ती कोणाची असावी, याविषयी दुमत झाले नाही. देवाघरी गेलेल्या आमच्या आजीची!

तिला नेसवायला लाल लुगडे हवे होते. आईने पेटीतून आजीचे जुने लुगडे काढले, कात्री हाती घेतली आणि बराच वेळ ती तशीच बसून राहिली. अखेर पदराचा विरलेला वीतभर तुकडाच तिने कापून दिला.

खरी अडचण पुढेच होती. आजी चालत असे तरी कशी? मुलांना आठवत होती ती काठी टेकत, वाकून चालणारी म्हातारी. आम्हांस आठवत होती ती मिस्सेला उशीर झाला म्हणून आम्हांला ओढत नेणारी आजी. आणि आईला दिसत होती डोक्यावर भाजीची पाटी घेऊन, केळीच्या बागेतून ताठ मानेने वसई स्टेशनाकडे निघालेली सासू. एकाच घरात तीन आज्या नांदत होत्या, आणि त्यांची एकमेकींशी ओळखही नव्हती! आईची साक्ष सर्वांत जुनी म्हणून आम्ही तीच मान्य केली.

चार रात्री खपून वीस सेकंदांची फिल्म तयार झाली. आईने ती पाहिली व म्हणाली, “नाक्यावरच्या क्रुसापाशी ती थांबायची. एका हाताने पाटी धरून दुसऱ्या हाताने क्रुसाची खूण करायची. तुम्ही तर तिला तशीच पुढे नेलीत.”

आम्ही खजील झालो. त्याच नाक्यावरून आम्ही रोज जातो, आणि कितीदा थांबतो? पाचव्या रात्री काड्यांचा क्रूस उभारून आम्ही तेवढा भाग पुन्हा टिपला. दोन सेकंदांच्या त्या थांबण्यालाही चोवीस चित्रे लागली.