लोण्याचा मुक्काम

आमच्या घरात लोण्याला मुक्काम करायची मुभा नाही. साय साचवायची, विरजण लावायचं, चार-पाच दिवसांचं साठलं की घुसळायचं आणि गोळा वर आला की त्याच संध्याकाळी पातेलं गॅसवर. कढत आलं की त्यात विड्याचं पान पडतं, तूप गाळलं जातं आणि तळाशी राहिलेल्या बेरीवर साखर भुरभुरून ती पोरांच्या हातावर ठेवली जाते. लोणी लोणी म्हणून दिसतं ते जन्माष्टमीला बाळकृष्णापुढच्या वाटीत, नाहीतर थालीपिठावर. तेही आईंची मर्जी असली तर. आई म्हणजे माझ्या सासूबाई. मालेगाव तालुक्यातल्या (नाशिकचं नव्हे, आमच्या वाशीम जिल्ह्यातलं मालेगाव) शेतावर अजून म्हैस आहे, तिथून दूध रोज येतं आणि त्या दुधाचा पुढचा सगळा कारभार त्यांच्याकडे. मी या घरात येऊन इतकी वर्षं झाली, पण तुपाच्या बरणीला हात लावताना आजही एकदा मागे वळून पाहते.

त्यामुळे डिसेंबरात नणंदेची मुलगी एडिंबराहून आली आणि म्हणाली, "मामी, मला अर्धा किलो लोणी लागेल," तेव्हा मी तिला सरळ आजीकडे पाठवलं.

ती तिकडे एमएस्सी करते. येताना लाल चौकड्यांचा एक डबा घेऊन आली होती. शॉर्टब्रेडचा. १८९८ साली जोसेफ वॉकर नावाच्या माणसाने बेकरी टाकली, तिचा हा माल आता जगभर विमानतळांवर मिळतो. आत बोटाएवढी जाड, फिकट, वर टोचल्याच्या खुणा असलेली बिस्किटं. दिसायला काहीच विशेष नाही. तोंडात टाकलं की आधी थोडी रवाळ लागतात, मग एकदम विरतात आणि मागे लोण्याची चव राहते, अगदी किंचित खारट. आईंनी एक खाल्लं, थोडा वेळ विचार केला आणि निकाल दिला, "खटाईच हाय. वेलची टाकाले इसरले ते." खटाई म्हणजे नानखटाई.

त्यांना बिस्किट आवडलं होतं, कारण पुढचा प्रश्न अंड्याचा आला. अंडं नाही. सोडा? नाही. दूध? तेही नाही. साखर एक भाग, लोणी दोन भाग, पीठ तीन भाग, चिमूटभर मीठ. संपलं. मला हे प्रमाण तिथल्या तिथे पाठ झालं. अंडं नसण्याला आमच्या गल्लीत मोठी किंमत आहे. शेजारी दोन जैन घरं आहेत, दर पौर्णिमेला शिरपूरला अंतरिक्ष पार्श्वनाथाच्या दर्शनाला जाणारी. त्यांच्याकडे ताट झाकून पाठवायचं तर केकचा उपयोग नाही. हे पाठवता येईल.

पण अर्धा किलो लोणी! आईंना ते ऐकूनच कसंतरी झालं. "लोणी कढवाचं असते व माय. भट्टीत कायले घालतं? तूप घे ना, डबाभर हाय." भाची म्हणाली, "आजी, तुपाचं हे होत नाही." आणि खरंच होत नाही. तुपात पाणी नाही आणि दुधाचा तो पांढरा भागही राहिलेला नसतो. भाजताना लोण्यातला तोच भाग हलका तांबूस होतो आणि शॉर्टब्रेडचा वास त्यातूनच येतो. तुपाचा वास वेगळा. तो कढवतानाच येऊन गेलेला असतो. दुकानातलं पिवळं खारं लोणी चाललं असतं, पण घरात म्हशीचं ताजं लोणी असताना पाकिटं आणायची हे माझ्याच्यानं होईना. शेवटी मीच आईंना म्हटलं, या आठवड्याचं लोणी मला द्या, पुढच्या आठवड्याचं तुमचं. त्यांनी दिलं. देताना वजन मात्र स्वतः केलं.

भाची गोळा मळेपर्यंत मी तिला प्रश्न विचारत होते. हा खाऊ स्कॉटलंडमध्ये कधी करतात? तर मुख्यतः नव्या वर्षाला. ३१ डिसेंबरच्या रात्रीला ते हॉगमनी म्हणतात. बारा वाजून गेल्यावर उंबरठा ओलांडून जो पहिला माणूस घरात येईल त्याच्यावर वर्षाचा शकुन ठरतो, म्हणून तो रिकाम्या हाताने येत नाही. चुलीसाठी कोळसा, प्यायला व्हिस्की आणि खायला शॉर्टब्रेड. मला वाटलं, नाताळ सोडून नववर्षाचं एवढं कौतुक कसं? तर तिथल्या प्रेस्बिटेरियन चर्चला नाताळचा थाटमाट मान्य नव्हता. स्कॉटलंडमध्ये २५ डिसेंबरला सार्वजनिक सुट्टी मिळाली ती थेट १९५८ साली. तोवर सगळी हौस नववर्षावर. ओट खाऊन राहणाऱ्या गरीब मुलखात गव्हाचं पीठ, साखर आणि एवढं लोणी एका वेळी काढायचं म्हणजे सणच हवा. शेटलंड बेटांवर तर सासरी पाऊल टाकताना नवरीच्या डोक्यावर हे मोडायची रीत होती. आईंना ही रीत फार पटली नाही. खायची वस्तू, केसात कायले?

मी पदवीला नागपूरच्या हिस्लॉप कॉलेजात होते. तीन वर्षं त्या नावाखालून आत-बाहेर केलं, पण स्टीफन हिस्लॉप स्कॉटलंडमधल्या डन्स गावचा, हे मला कधी कुणी सांगितलं नव्हतं, मीही विचारलं नव्हतं. १८४५ साली तो नागपूरला मिशनरी म्हणून आला. शाळा काढल्या, दगड गोळा केले, गोंडांची गाणी उतरवली. १८६३ मध्ये टाकळघाटची शिळावर्तुळं पाहून परतताना पुराच्या पाण्यात बुडून गेला; वय पंचेचाळीस. कॉलेज त्यानंतर वीस वर्षांनी निघालं. स्कॉटलंड आणि विदर्भ यांच्यात सोयरीक जोडायला मला एवढा धागा पुरला. भाचीला मात्र मामीचं हे संशोधन जरा लांबलेलं वाटलं.

तर लोणी. घरच्या लोण्यात ताक दडलेलं असतं. बाजारातल्या लोण्यात साधारण ऐंशी टक्के स्निग्धांश आणि सोळाएक टक्के पाणी. घरच्या गोळ्यात पाणी याहून जास्त. आणि पाणी इथे वैरी आहे. मैद्याला पाणी मिळालं की त्यात चिवट ग्लुटेन तयार होतं. पोळीला ते हवं असतं, इथे अजिबात नको. म्हणून लोणी थंड पाण्यात धूत राहायचं, पाणी नितळ येईपर्यंत. मग परातीत घेऊन तळहाताने दाबायचं, कडेला पाणी सुटतं ते ओतून टाकायचं, पुन्हा दाबायचं. शेवटी मलमलच्या फडक्यात बांधून थोडा वेळ टांगून ठेवलं. डिसेंबरातल्या वाशीमच्या थंडीत हे काम झकास होतं. म्हशीचं लोणी तसंही गाईच्यापेक्षा घट्ट, पांढरंशुभ्र, उशिरा वितळणारं. विरजणाचं असल्यामुळे त्याला किंचित आंबूस वास होता. ब्रिटनमधलं बहुतेक लोणी न विरजलेल्या सायीचं, त्यात तो नसतो. भाचीने नाक जवळ नेऊन सांगितलं, "हे तिकडच्यापेक्षा भारी होणार." आजीसमोर बोलत होती, हेही खरं.

साखर मिक्सरमध्ये दोन-तीन वेळा फिरवून घेतली, पिठीसाखरेइतकी बारीक न करता. दाणा थोडा राहायला हवा. लोणी आणि साखर हाताने फेसली. मैद्यातला सहावा हिस्सा काढून त्याऐवजी तांदळाची पिठी घातली. हा माझा शोध नाही, स्कॉटिश बायका कितीतरी पिढ्या हेच करत आल्या आहेत. पिठीने तो रवाळ खुसखुशीतपणा येतो. कुणी रवाही घालतं. दिवाळीच्या अनारशातून उरलेली पिठी डब्यात होती, तीच वापरली.

पुढचा भाग माझ्या हातांना सगळ्यात अवघड गेला. आम्हा वऱ्हाडी बायकांचे हात ज्वारीवर तयार झालेले. ज्वारीत चिकटपणा नाही, म्हणून उकळतं पाणी घालून पीठ मनगटाच्या जोराने मळावं लागतं, तेव्हा कुठे भाकर थापताना चिरत नाही. इथे सगळं उलट. पीठ नुसतं बोटांच्या टोकांनी लोण्यात मिसळायचं, गोळा धरला की हात काढून घ्यायचा. लोण्याने पिठाच्या कणाकणाला वेढून ठेवलं की चिवटपणाला जागाच राहत नाही. मळलं की तो हमखास येतो. माझा हात पुन्हा पुन्हा परातीत जायचा आणि भाची तो बाजूला करायची.

गोल थाळीत बोटाएवढा जाड थर थापला, कडेला चिमटीने नक्षी केली (करंजीला घालतो तशी मुरड घातली असती तर आईंना आनंद झाला असता), काट्याने भोकं पाडली म्हणजे वाफ निघून जाते आणि पापुद्रा फुगत नाही. सुरीने आठ वाटे आखून ठेवले. या पाकळ्यांच्या आकाराला ते लोक परकराचे घोळ म्हणतात आणि त्याचं श्रेय राणी मेरीला देतात. राण्यांच्या नावावर असं बरंच काही खपतं. ओव्हन १५० अंशांवर, पाऊण तास. रंग बदामी होऊ द्यायचा नाही, कडा जेमतेम गव्हाळ झाल्या की बाहेर. गरम असतानाच आखलेल्या रेघांवरून कापायचं. गार झालं की सुरी लावताच तुकडे उडतात. वरून थोडी साखर.

मधेच वीज गेली. वाशीमात यात सांगण्यासारखं काही नाही. ओव्हनचं दार उघडलं नाही, वीस मिनिटांनी वीज आली, बिस्किटांना काहीही झालं नाही. मंद आचेच्या पदार्थाचा हा फायदा.

दुसरा घाणा मात्र मी बेकरीत नेला. आमच्याकडे दिवाळीच्या आधी घरोघरचे डबे बेकरीत जातात. मैदा, रवा, साखर, डालडा किंवा तूप आपलं, भाजणावळ त्यांची. रांगेत बसून गप्पा मारायच्या आणि पिंपभर खटाई घेऊन रिक्षाने घरी यायचं. पावाचा घाणा निघाल्यावर लाकडाची भट्टी हळूहळू निवत जाते, ती आच याला बरोबर लागेल असा माझा अंदाज होता. भट्टीवाल्या चाचांनी गोळ्याचा चिमूटभर तुकडा बोटांत चुरून पाहिला. "बाई, ये तो खटाईच है. सोडा डालना भूल गए क्या?" मी नाही म्हटलं. सोड्याशिवाय फुलणार नाही, तडकणार नाही, मग गिऱ्हाईक कशाला घेईल, हा त्यांचा रास्त प्रश्न. नानखटाई आपल्याकडे सुरतेहून आली, तिथल्या डचांच्या वखारीतल्या भटारखान्यातून पारशी बेकरीवाल्यांच्या हाती लागून, असं सांगतात. म्हणजे दोघींचं माहेर त्याच थंड समुद्राच्या काठचं असावं. एक इकडे येऊन वेलची, बेसन आणि तूप शिकली. भट्टीतला घाणा ओव्हनपेक्षा सरस निघाला. खालून किंचित धुराचा वास होता. भाचीने त्याचे फोटो एडिंबराला पाठवले.

भाची जानेवारीत परत गेली. त्यानंतर मी हे करत राहिले, महाशिवरात्रीपर्यंत. मग थांबवलं. दुधातली चरबी बत्तीस ते पस्तीस अंशांच्या आसपास वितळते आणि एप्रिल-मे महिन्यांत आमच्या स्वयंपाकघरातला पाटासुद्धा त्याहून तापलेला असतो. लोणी साखरेत फेसायच्या आधीच तेल होतं, थाळीत थापलेला थर ओव्हनमध्ये पसरून पापडासारखा होतो. फ्रीजमध्ये ठेवून, पहाटे उठून जमवता येईल, पण लग्नसराईत पहाटे उठायला दुसरी कामं कमी आहेत का? उन्हाळ्यातलं सगळं लोणी आईंचं, असं न बोलता ठरून गेलं आहे.

या दिवाळीच्या आधी आईंनीच विषय काढला. फडक्यात बांधलेला गोळा तराजूत ठेवून त्या हिशेब करत होत्या. किलोभर लोणी कढवलं की तूप पाऊण किलोच्या आसपास उतरतं, बेरी वेगळी. तेच किलोभर लोणी माझ्याकडे दिलं तर साखर-पिठासकट तीन किलोचा ऐवज होतो. "कढवलं तं घटते," त्या म्हणाल्या, "अन् हे तं वाढूनच रायलं." मी म्हटलं, पीठ-साखरेचे पैसे धरा ना त्यात. ते त्यांनी ऐकलं नाही. अर्धा गोळा तोडून माझ्याकडे सरकवला आणि विचारलं, यंदा वेलची टाकतं का नाही?