सत्तावन्न गोल

उर्दू माध्यमाच्या शाळेत मी उर्दू आणि मराठी दोन्ही विषय शिकवते. नववीला 'माझा आवडता खेळाडू' हा निबंध दरवर्षी देते. बहुतेक वह्यांत विराट कोहली, नाहीतर रोनाल्डो. यंदा एका मुलानं योसेफ बिकानवर लिहिलं. रोनाल्डोच्या विक्रमाची माहिती शोधताना हे नाव त्याला सापडलं होतं. त्यात एक वाक्य होतं, '१९४३-४४च्या मोसमात बिकानने प्रागच्या स्लाव्हिया क्लबकडून लीगमध्ये ५७ गोल केले.' फुटबॉलमधलं मला फार कळत नाही. पण साल वाचून लाल पेन थांबलं. तेव्हा प्राग जर्मनांच्या ताब्यात होतं ना?

घरी येऊन वाचत बसले. १५ मार्च १९३९ला हिटलरचं सैन्य प्रागमध्ये शिरलं. आदल्याच दिवशी स्लोव्हाकिया वेगळा झाला होता. उरलेल्या चेक भागाला जर्मनांनी 'संरक्षित राज्य' म्हटलं. त्याच वर्षी १७ नोव्हेंबरला नऊ जणांना गोळ्या घालून चेक विद्यापीठं बंद केली. जून १९४२मध्ये लिडित्से हे अख्खं गाव जमीनदोस्त केलं. आणि या सगळ्यात लीग चालूच होती. स्लाव्हियानं सलग चार वर्षं ती जिंकली. १९४३-४४ला मात्र बिकानचे ५७ गोल होऊनही विजेतेपद स्पार्टाकडे गेलं.

दुसऱ्या दिवशी मी वर्गात मोठ्या जोशात सांगितलं, "बघा, गुलामीतही त्यांनी खेळ सोडला नाही. हाच त्यांचा प्रतिकार!" टाळ्या पडल्या. तेवढ्यात मागच्या बाकावरची एक मुलगी उभी राहिली. "टीचर, कॉलेजं बंद केली, मग फुटबॉल का नाही बंद केला?"

माझ्याकडे जवाब नव्हता. "उद्या सांगते," म्हटलं.

रात्री पुन्हा वाचलं. जर्मनांना चेक कारखाने हवे होते. प्लझेनच्या स्कोडा कारखान्यात त्यांच्यासाठी शस्त्रं बनत. चेक तरुणांना जर्मन सैन्यात भरती करत नसत, त्यांना कामाला जुंपत. शस्त्र-कारखान्यांतल्या मजुरांचं रेशनही मुद्दाम वाढवलं गेलं होतं. रविवारची मॅच मला त्या रेशनसारखीच वाटू लागली. विद्यापीठात माणूस विचार करतो. मैदानावर ओरडतो आणि सोमवारी मुकाट कामावर जातो. असा हिशेब राज्यकर्त्यांनी केला असेल, तर माझा 'प्रतिकार' त्यांच्या सोयीचाच होता.

मग तेरेझिनबद्दल वाचलं. ज्यूंना त्या लीगमध्ये जागाच नव्हती. प्रागपासून साधारण ६० किलोमीटरवर, तेरेझिनच्या जुन्या किल्ल्यात त्यांना कोंडलं होतं. तिथं कैद्यांनी स्वतःची लीग उभी केली. बराकीच्या चौकात, एका बाजूला सात खेळाडू. संघांची नावं कामावरून: स्वयंपाकी, खाटीक. १९२४च्या ऑलिंपिकमध्ये चेकोस्लोव्हाकियाकडून खेळलेला पॉल माहरर तिथं खेळत होता. १९४४मध्ये नाझींनी तेरेझिनवर फिल्म काढली आणि त्यात ही मॅच दाखवली. खचाखच भरलेले सज्जे, हसणारी मुलं. ज्यू किती मजेत आहेत, हे जगाला पटवायचं होतं. शूटिंग संपलं आणि २८ सप्टेंबरपासून महिनाभरात १८ हजारांहून अधिक माणसं रेल्वेनं आउशवित्झला पाठवली.

वर्गात गेले आणि आधी कबूल केलं, "काल मी अर्धंच सांगितलं." मग उरलेलं सांगितलं. खेळणाऱ्याला तो घटकाभर श्वास वाटला असेल. तोच खेळ कॅमेऱ्याच्या हाती खोटी साक्ष झाला. वर्ग गप्प होता. त्या मुलीनं विचारलं, "मग त्यांनी खेळायला नको होतं?"

"त्यांना दोष कसा देऊ?" मी म्हटलं. "पण ती मॅच मला दाखवून कुणी 'सगळं ठीक आहे' म्हणालं, तर आता मी विचारीन, कोण खेळत नाहीये?"

निबंध लिहिणाऱ्या मुलाला वही परत दिली. ५७ गोल मी खोडले नव्हते. खाली एक ओळ मोकळी सोडून 'तेरेझिन' एवढंच लिहिलं होतं. त्यानं ते वाचलं आणि विचारलं, "टीचर, शब्दमर्यादा ओलांडली तर मार्क कापणार?"

नाही कापणार, म्हटलं.