वेण्णाकाठचा यती
शनिवारी पहाटे स्वारगेटहून एसटी पकडली अन् थेट महाबळेश्वर! हिवाळ्यात कधीकधी वेण्णा तलावाकाठी दव गोठतं. आपल्या पुणेकरांचा जवळचा बर्फ तो एवढाच.

रामसे बंधूंचा १९७२चा 'दो गज जमीन के नीचे' याच गावात शूट झाला. भाऊ सात. तुलसी-श्याम दिग्दर्शक, गंगू कॅमेऱ्यामागे, किरण साउंडला. म्हणजे युनिट घरातच! पुढे १९९१मध्ये 'अजूबा कुदरत का'मध्ये त्यांनी चक्क यती आणला.

माझी शॉर्ट फिल्म मात्र 'बजेट नाही' म्हणून तीन वर्षं ड्रॉवरमध्ये. परतताना पसरणी घाटात मित्राला मेसेज टाकला, 'कॅमेरा तुझा, राक्षस मी. पुढच्या रविवारी सुरू करू या. येतोस ना?'