खोट्या रोग्याची खुर्ची

आर्गां एकटाच खुर्चीत बसून औषधवाल्याचे बिल तपासीत आहे. या महिन्यात ८ औषधे आणि १२ बस्ती. गेल्या महिन्यात औषधे १२ आणि बस्ती २०. तेव्हा या महिन्यात प्रकृतीला आराम कमी, यात नवल ते काय, असा निष्कर्ष तो मोठ्या गांभीर्याने काढतो! मोलियेर या फ्रेंच नाटककाराच्या अखेरच्या नाटकाचा हा प्रारंभ. १० फेब्रुवारी १६७३ रोजी पॅरिसमध्ये त्याचा पहिला प्रयोग झाला.

आर्गांचे शरीर धडधाकट आहे. रोग आहे तो मनात. घरात हक्काचा वैद्य असावा म्हणून आपली मुलगी आंजेलिक हिला तो एका पढतमूर्ख वैद्यपुत्राच्या गळ्यात बांधू पाहतो. दुसरी बायको बेलीन त्याच्या उशा सारख्या करते, गोड बोलते आणि इस्टेटीवर डोळा ठेवते. या सर्वांना पुरून उरते ती फटकळ मोलकरीण त्वानेत. ९० वर्षांच्या वैद्याचे सोंग घेऊन ती येते. डोके दुखो वा पोट, दोष फुप्फुसाचाच, असे ठासून सांगते. पुढे तिच्याच सल्ल्याने आर्गां मेल्याचे सोंग घेतो. बेलीनला आनंद लपविता येत नाही. आंजेलिक मात्र शोकाकुल होते. आर्गांला काय समजायचे ते समजते.

ही भूमिका स्वतः मोलियेर करीत असे, आणि तो खरोखरच आजारी होता. मेल्याचे सोंग घेण्यात धोका तर नाही ना, असे आर्गां भीत भीत विचारतो, तेव्हा प्रेक्षकांत हशा पिकतो. १७ फेब्रुवारीला चौथा प्रयोग होता. सहकाऱ्यांनी त्याला परोपरीने विनविले. परंतु ५० गरीब कामगारांची त्या दिवसाची मजुरी बुडेल, म्हणून तो रंगभूमीवर उभा राहिला, असे त्याच्या एका जुन्या चरित्रात म्हटले आहे. शेवटच्या प्रवेशात त्याला झटका आला. तो त्याने हसण्यात लपविला आणि प्रयोग तडीस नेला. त्याच रात्री राहत्या घरी त्याचे निधन झाले. वय अवघे ५१.

नटांना त्या काळी धर्मविधीने दफन मिळत नसे. पत्नीने राजाकडे धाव घेतली, तेव्हा कोठे रात्रीच्या अंधारात दफनाची परवानगी मिळाली.

नाटक मात्र जिवंत राहिले. १९७१ साली फ्रेंच दूरचित्रवाणीने ते घरोघरी पोहोचविले. मोलियेरची ती खुर्ची पॅरिसच्या कॉमेदी-फ्रांसेज या नाट्यसंस्थेने जतन करून ठेविली आहे.