हुसाविकचे देवमासे

आज जरा लांबच्या गावाला जाऊ. इतके लांब, की तिथे जून महिन्यात मध्यरात्रीही उजेड असतो आणि डिसेंबरात सूर्य जेमतेम तोंड दाखवून जातो. देश आइसलँड, गाव हुसाविक. वस्ती अडीच हजारांच्या आतबाहेर, म्हणजे आपल्याकडचे एखादे मध्यम गावच म्हणा ना. पुढे समुद्राची खाडी, खाडीपलीकडे बर्फाचे डोंगर, बंदरालगत १९०७ साली बांधलेले लाकडी चर्च. धान्य पिकवायला हवा साथ देत नाही. म्हणून भोवतालच्या शेतकऱ्यांचा भरवसा गवतावर आणि मेंढरांवर, आणि गावाचा मासळीवर.

या मुलखाशी आपले एक नाते आहे. १८८२ साली इथल्या शेतकऱ्यांनी आइसलँडमधली पहिली सहकारी संस्था काढली. त्या काळी व्यापारी डेन्मार्कचा. लोकरीचा भाव तोच ठरवी आणि पिठामिठाचाही तोच. शेतकऱ्यांनी एकत्र येऊन मेंढरे परस्पर ब्रिटनला विकली आणि तिकडून माल आणला. आपल्याकडे सहकारी पतपेढ्यांचा पहिला कायदा आला १९०४ साली आणि प्रवरेचा कारखाना उभा राहिला १९५० साली. तेव्हा सहकारात ही मंडळी आपली थोरली भावंडेच.

आता बंदराजवळच्या एका जुन्या इमारतीत शिरू. एके काळी हा कत्तलखाना होता. हंगामात इथे मेंढरे कापली जात. आज याच इमारतीत एक संग्रहालय आहे, आणि तेही एकाच प्राण्याचे, देवमाशाचे. आसब्योर्न ब्योर्गविन्सन नावाच्या गृहस्थाने १९९७ साली हे काम छोट्या प्रमाणात सुरू केले आणि पुढे ते या इमारतीत आले. आत गेलात की डोक्यावर सांगाडे टांगलेले दिसतात. त्यांतला सर्वांत मोठा निळ्या देवमाशाचा, सुमारे २५ मीटर लांबीचा. आपल्या दोन एसटी गाड्या एकामागे एक उभ्या केल्या तरी हा पुढे उरेल! हा मासा २०१० साली उत्तर आइसलँडच्या किनाऱ्याला मरून लागला होता.

मासा म्हणालो खरा, पण तो मासा नाहीच. तो तुमच्या गोठ्यातल्या गाई-म्हशींचा लांबचा भाऊबंद आहे. हसू नका. सांगाड्याच्या मागच्या बाजूला दोन लहानशी हाडे असतात, ती कमरेची. पाय गेले, पण खूण राहिली. पुढच्या वल्ह्यात हाताची आणि बोटांची हाडे असतात. पोटाला गाईच्या पोटासारखे एकाहून अधिक कप्पे असतात. जम्मू भागातल्या कालाकोटचे दगड ए. रंगा राव या भारतीय भूगर्भशास्त्रज्ञाने जमवून ठेवले होते. त्यांतून निघालेल्या एका छोट्या, खूर असलेल्या प्राण्याची माहिती २००७ साली प्रसिद्ध झाली आणि तो देवमाशांच्या पूर्वजांचा जवळचा नातलग ठरला. म्हणजे या घराण्याच्या कुळकथेचे एक पान आपल्याच देशातले.

दुधाचे गणित तर गवळ्याने ऐकण्यासारखे आहे. चांगल्या म्हशीच्या दुधाला सहा-सात टक्के फॅट लागली की आपण खूश होतो. निळ्या देवमाशाच्या दुधात ३५ ते ५० टक्के चरबी असते. पिल्लू दिवसाला दोनशे लिटरच्या आसपास दूध पिते आणि रोज सुमारे ९० किलोने वाढते. आणि आई खाते काय? आपल्या जवळ्यासारखे बारीक जीव! तिला दात नसतात, तोंडात झालर असते. शिंगे आणि खूर ज्या द्रव्याचे, त्याच द्रव्याची ती झालर. तिच्यातून पाणी गाळून ती पोट भरते.

आइसलँडच्या भाषेत किनाऱ्याला लागलेल्या देवमाशाला जो शब्द आहे, तोच शब्द अचानक झालेल्या लाभालाही वापरतात. दुष्काळात असा एक मासा लागला की कित्येक घरांच्या चुली पेटत. तो कोणाच्या जमिनीला लागला, कोणाचा हक्क किती, याचे नियम १२८१ सालच्या कायद्यात लिहून ठेवले होते. बांधावरून भांडणे आपल्याकडेच होतात असे समजू नका.

पुढे यंत्राच्या बोटी आल्या आणि जगभर एवढी शिकार झाली की निळा देवमासा संपायच्या बेतात आला. १९८६ पासून व्यापारी शिकारीवर आंतरराष्ट्रीय बंदी आली. आइसलँडने १९८९ नंतर ती थांबवली, पण २००६ साली पुन्हा सुरू केली. त्यावरून तिथल्या लोकांत आजही दोन तट आहेत. हुसाविकने मात्र आपली वाट शोधली. १९९५ पासून तिथे मासेमारीच्या जुन्या लाकडी बोटी दुरुस्त करून पाहुण्यांना जिवंत देवमासे दाखवायला नेतात. मारलेला मासा एकदाच पैसे देतो, जिवंत मासा दर उन्हाळ्यात देतो. दुभती गाय खाटकाला का देऊ नये, हे ज्याला कळते त्याला हा हिशेब समजावून सांगायला नको.

हुसाविकला जाणे आपल्याला जमेल न जमेल, पण रत्नागिरीला जाणे जमेल. तिथे कोकण कृषी विद्यापीठाच्या सागरी जीवशास्त्रीय संशोधन केंद्रात देवमाशाचा सांगाडा ठेवलेला आहे. मुलांना अवश्य दाखवा आणि कमरेची हाडे शोधायला लावा. नोव्हेंबर २०२३ मध्ये गणपतीपुळ्याच्या वाळूत देवमाशाचे पिल्लू अडकले होते. लोकांनी त्याच्यावर पाणी ओतत, धडपड करून त्याला समुद्रात लोटले. ते वाचले नाही, पण त्या माणसांच्या हाताला यश आले नाही म्हणून त्यांचे मोल कमी होत नाही.

किनाऱ्यावरच्या मंडळींना दोन गोष्टी सांगून ठेवतो. मासा लागलेला दिसला तर गर्दी करू नका, त्याच्या डोक्यावरच्या श्वासाच्या भोकात पाणी जाऊ देऊ नका, ताबडतोब वनखात्याला कळवा. आणि कोणी देवमाशाच्या उलटीचे लाखो रुपये देतो म्हणाला तर त्याला दारातूनच वाटेला लावा. १९७२ च्या वन्यजीव कायद्याने तो व्यवहार गुन्हा आहे. दलाल निसटतो आणि घरचा तरुण मुलगा कोठडीत बसतो.

आणि गावात एखादे पडके गोदाम रिकामे असेल, तर मोट, पाभर, जुने नांगर, जाती भंगारवाल्याच्या काट्यावर चढण्याआधी तिथे नेऊन ठेवा. मेंढरांच्या कत्तलखान्यात देवमासे राहू शकतात, तर आपल्या गोदामात आजोबांची पाभर का राहू नये?