एकशे पाच दिवस, आणि त्याआधीची वीस वर्षं

आज जरा जुनी गोष्ट. आणि तीही माझ्या फजितीची.

२००७ च्या हिवाळ्यात मी कंपनीच्या कामासाठी हेलसिंकीला ऑनसाइट होतो. आमची टीम नऊ जणांची, आणि ज्यांच्याशी स्पर्धा ते शे-दीडशे. फेब्रुवारीतल्या रिव्ह्यूला मला पाच मिनिटं बोलायचं होतं. तेव्हा प्रेझेंटेशनच्या सुरुवातीला काहीतरी स्फूर्तिदायक टाकायची भारी फॅशन होती. म्हटलं, समोर बसणार सगळे फिनिश, तर त्यांचाच इतिहास टाकू. रात्री जागून स्लाइड केली. पांढरे कपडे घालून स्कीवर निघालेले सैनिक, बाजूला आकडे. १९३९ साली फिनलंडची लोकसंख्या सुमारे ३७ लाख, सोव्हिएत संघाची १७ कोटींच्या आसपास. रणगाडे तिकडे हजारोंनी, इकडे तीसेक. आणि खाली ठळक अक्षरांत: 'लहान टीमही जिंकते!'

स्लाइड आली, गेली. कोणी काही बोललं नाही. (फिनिश लोक तसेही बोलत नाहीत, त्यामुळे मला तेव्हा काही कळलंच नाही.)

नंतर कॉफी मशीनपाशी आमचे टेस्ट लीड भेटले. पन्नाशी ओलांडलेले गृहस्थ. तिथे सगळे एकमेकांना नावानेच हाक मारतात, पण मराठीत लिहिताना माझा हात आपोआप 'ते'कडे वळतो. कप भरता भरता ते म्हणाले, "स्लाइड छान होती. पण आम्ही ते युद्ध हरलो, माहितेय ना तुला?"

मला माहीत नव्हतं. म्हणजे बर्फ, स्नायपर, पेट्रोलच्या बाटल्या हे सगळं वाचलं होतं, पण शेवट वाचलाच नव्हता!

मग त्यांनी दोन वाक्यांत सांगितलं. त्यांची आई तेव्हा सात वर्षांची. घर विपुरी शहराजवळच्या एका खेड्यात. मार्च १९४० मध्ये गाव सोडून जायचा हुकूम आला, तेव्हा आजीने निघण्याआधी गायींचं दूध काढलं, भांडी घासून पालथी घातली आणि मगच दार ओढून घेतलं.

त्या शनिवार-रविवारी मी लायब्ररीत जाऊन बसलो.

गोष्ट सुरू होते ऑगस्ट १९३९ मध्ये. हिटलर आणि स्टालिन यांच्यात करार झाला आणि त्याच्या गुप्त कलमात फिनलंड सोव्हिएत वाट्याला टाकला गेला. ऑक्टोबरमध्ये मॉस्कोने बोलणी सुरू केली. मागण्या अशा: लेनिनग्राडपासून सीमा जेमतेम ३२ किलोमीटरवर आहे, ती मागे घ्या, आखातातली बेटं द्या, हांको बंदर ३० वर्षांच्या भाड्याने द्या. बदल्यात उत्तरेकडचा दुप्पट प्रदेश घ्या. ऐकायला सौदा वाईट नाही. पण ती दुप्पट जमीन म्हणजे बहुतेक जंगल, आणि जी मागितली होती तिच्यात देशाच्या तटबंदीचा भाग. एस्टोनिया, लाटव्हिया आणि लिथुएनिया यांनी त्याच सुमारास सोव्हिएत तळांना होकार दिला, आणि १९४० च्या उन्हाळ्यात ते तिन्ही देश गिळले गेले. ते लढले असते तर काय झालं असतं हे सांगता येत नाही. होकार दिल्यावर काय झालं, ते मात्र दिसतं.

फिनलंडने एक शहाणपणा केला. बोलणी चालू असतानाच राखीव सैनिकांना 'जादा उजळणी सरावा'च्या नावाखाली बोलावून सीमेवर नेऊन बसवलं. गणवेश पुरेनात. मग कित्येकांना फक्त कमरेचा पट्टा आणि टोपीला लावायचा बिल्ला मिळाला, बाकी कपडे घरचेच. पंतप्रधान होते कायांदर, तर लोकांनी या वेषाला नाव दिलं 'मॉडेल कायांदर'. बजेट न देता रिलीज मागणाऱ्या मॅनेजरांची मला इथे फार आठवण झाली. असो.

२६ नोव्हेंबरला माइनिला या सीमेवरच्या गावात तोफगोळे पडले. फिनलंडनेच ते टाकले, असा आरोप करून सोव्हिएत सैन्य ३० नोव्हेंबरला आत घुसलं आणि हेलसिंकीवर पहिल्याच दिवशी बॉम्ब पडले. परराष्ट्रमंत्री मोलोतोव्ह यांनी म्हणे सांगितलं, की आमची विमानं भुकेल्या फिनिश लोकांना पाव टाकताहेत. त्यावर फिनिश लोकांनी रणगाड्यांवर फेकायच्या पेट्रोलच्या बाटल्यांना नाव दिलं मोलोतोव्ह कॉकटेल. पावाबरोबर प्यायला काहीतरी नको का! त्या बाटल्या सरकारी दारू कंपनीच्या कारखान्यात भरल्या जात होत्या, लाखोंनी.

पहिला महिना मात्र खरोखरच माझ्या स्लाइडसारखा होता. राते नावाचा एक अरुंद जंगली रस्ता आहे, सुओमुस्साल्मीच्या पूर्वेला. त्यावर जानेवारी १९४० च्या पहिल्या आठवड्यात सोव्हिएत ४४वी डिव्हिजन मैलोन्मैल लांब रांगेत अडकली. गाड्या आणि रणगाडे रस्त्याला बांधलेले, दोन्ही बाजूंना कमरेएवढा बर्फ. फिनिश तुकड्या स्कीवरून जंगलातून येत आणि रांगेचे तुकडे पाडत. या पद्धतीला त्यांचा शब्द 'मोत्ती', म्हणजे जळणाच्या लाकडांचा रचलेला ढीग. आधी नीट तुकडे करून रचा, मग एकेक संपवा. फिरती स्वयंपाकघरं आधी टिपायची, कारण त्या थंडीत गरम जेवण गेलं की माणूस गेलाच.

समोरच्यांबद्दलही लिहायला हवं. ४४वी डिव्हिजन युक्रेनमधून आणलेली, बहुतेकांना स्की येत नव्हतं. आणि स्टालिनने १९३७-३८ मध्ये स्वतःच्याच सेनाधिकाऱ्यांची कत्तल केलेली, पाचपैकी तीन मार्शल मारलेले. जे उरले त्यांची वरिष्ठांना 'हे जमणार नाही' म्हणायची छाती नव्हती. राते रस्त्यावरून जीव वाचवून परतलेल्या कमांडरला नंतर त्याच्याच सैनिकांसमोर गोळ्या घातल्या.

हे सगळं वाचून झालं तरी एक प्रश्न सुटत नव्हता. बर्फ, जंगल, स्की हे ठीक आहे. पण लढायला माणसं उभी राहिली कशी?

कारण अवघ्या एकवीस वर्षांपूर्वी, १९१८ मध्ये, हाच देश आपसात लढला होता. एका बाजूला कामगार आणि भूमिहीन कुळांचे 'लाल', दुसऱ्या बाजूला 'पांढरे'. यादवी संपल्यावर हजारो लाल कैदी छावण्यांत भुकेने आणि रोगाने मेले. पांढऱ्यांचे सेनापती होते मानरहाइम. आणि १९३९ मध्ये ७२ व्या वर्षी देशाचे सरसेनापती झाले तेही मानरहाइमच! स्टालिनचा हिशोब सरळ होता: कामगार याच्यासाठी कशाला मरतील? त्याने १ डिसेंबरला कूसिनेन या फिनिश कम्युनिस्टाच्या नावाने एक 'लोकसरकार'ही उभं केलं. लोक त्या सरकारकडे येतील अशी अपेक्षा होती. जवळजवळ कोणीच गेलं नाही.

का गेलं नाही, ते रणभूमीवर शोधून सापडत नाही. ते आधीच्या वीस वर्षांत आहे. १९१८ मध्येच कुळांना कसत असलेली जमीन विकत घ्यायचा हक्क मिळाला. १९२१ मध्ये शिक्षण सक्तीचं झालं. १९२२ मध्ये क्युओस्ती काल्लिओ या शेतकरी पुढाऱ्याच्या पुढाकाराने भूमिहीनांना जमीन देणारा कायदा आला. १९३७ मध्ये काल्लिओ राष्ट्राध्यक्ष झाले आणि शेतकरी पक्षाने समाजवाद्यांना बरोबर घेऊन सरकार बनवलं. म्हणजे ज्याच्या बापाला १९१८ मध्ये छावणीत टाकलं होतं, त्याच्याकडे १९३९ मध्ये चार एकर जमीन होती, मुलं शाळेत होती आणि त्याने मत दिलेला पक्ष सत्तेत होता. जखम भरली होती असं नाही म्हणणार मी. पण गमावण्यासारखं काहीतरी त्याचं स्वतःचं होतं. युद्ध ऐन रंगात असताना, २३ जानेवारी १९४० ला, कारखानदारांच्या संघटनेने कामगार संघटनांना वाटाघाटीचा हक्क मान्य केला. तोही तटबंदीचाच एक भाग होता, असं मला वाटतं.

तरीही शेवटी आकडे आकडेच असतात. फेब्रुवारीत सोव्हिएत सैन्य नव्या सेनापतीच्या, तिमोशेंकोच्या, हाताखाली सुधारून आलं. ११ फेब्रुवारीला सुम्माजवळ मुख्य फळी फुटली. तोफगोळे संपत आले होते. ब्रिटन-फ्रान्स मदतीच्या गोष्टी करत होते, पण त्यांचा डोळा स्वीडनच्या लोखंडावरही होता, आणि नॉर्वे-स्वीडन वाट द्यायला तयार नव्हते. १३ मार्चला, १०५ दिवसांनी, युद्ध थांबलं. काल्लिओंना तहाच्या अधिकारपत्रावर सही करावी लागली. ज्या हाताला ही सही करावी लागतेय तो झडून जावो, अशा अर्थाचं ते बोलले. ऑगस्टमध्ये त्यांना पक्षाघात झाला आणि त्यांचा उजवा हात लुळा पडला. योगायोगच, पण अंगावर काटा येतो.

हिशोब असा: सुमारे २५ हजार फिनिश सैनिक मेले, आणि सोव्हिएत मेलेले-बेपत्ता सव्वा लाखाच्या वर. देशाचा साधारण दहावा हिस्सा गेला, विपुरीसकट. तिथली चार लाखांहून जास्त माणसं घरदार सोडून पश्चिमेकडे आली.

इथे माझं वाचन अडकलं. माझ्या आजीचं गाव धरणात गेलं. लहानपणी ती त्या गावातल्या विहिरीचं, चिंचेचं, देवळाचं सांगायची आणि आम्ही कंटाळायचो. आजोबांची पर्यायी जमिनीची फाईल आमच्या घरात अजून आहे. फिनलंडने मात्र या चार लाख लोकांना छावण्यांत ठेवलं नाही. कायदा करून सरकारी, चर्चच्या, कंपन्यांच्या आणि मोठ्या शेतकऱ्यांच्या जमिनी घेतल्या आणि त्यांना वाटल्या. कुरकुर झाली, टोमणे मारले गेले, पण जमीन मिळाली. विस्थापितांना काय मिळतं, यावरून देश कळतो.

गोष्ट इथे गोड होऊन संपत नाही. १९४१ मध्ये फिनलंड जर्मनीच्या बाजूने पुन्हा युद्धात उतरला. गेलेला प्रदेश परत घेतला आणि त्याच्याही पुढे गेला. टेस्ट लीडची आजी १९४२ मध्ये घरी परतली, चूल नव्याने घातली आणि १९४४ मध्ये पुन्हा तसंच दार ओढून निघाली. वर ३० कोटी डॉलरची युद्धभरपाई, जहाजं आणि यंत्रांच्या रूपात. ती त्यांनी १९५२ मध्ये पुरती फेडली. हो, तेच साल! हेलसिंकी ऑलिंपिकचं, जिथे आपल्या कराडजवळच्या गोळेश्वरच्या खाशाबा जाधवांनी ब्राँझ मिळवलं. खाशाबा उतरले तेव्हा यजमान देश आक्रमण करणाऱ्यालाच भरपाईचे शेवटचे हप्ते देत होता, हे आपल्याला शाळेत कोणी सांगितलं नाही.

एप्रिलमध्ये परत येण्याआधी टेस्ट लीड मला गाडीने रातेला घेऊन गेले. जवळजवळ सगळा दिवस प्रवास, आणि तिथे अजून बर्फ. एका मोकळ्या मैदानात हजारो दगड उभे आहेत, लहानमोठे, ओबडधोबड. कोणावरही नाव नाही. दोन्ही बाजूंच्या मेलेल्यांसाठी आहेत ते. मधल्या स्मारकाला १०५ घंटा टांगलेल्या, एका दिवसाची एक. वारा आला की वाजतात.

तिथे मी त्यांना विचारलं, "मग जिंकलं कोण?"

ते जरा वेळ गप्प राहिले. मग म्हणाले, "आईचं घर गेलं. पण ती शाळेत फिनिशमध्येच शिकली."

मी आजीच्या गावाचं त्यांना तिथेच सांगितलं. पुढे कधीतरी त्यांची मेल आली: आईला सांगितलं तुझ्या आजीबद्दल. ती विचारतेय, उन्हाळ्यात पाणी उतरलं की गाव दिसतं का? मी लिहिलं, देवळाचा कळस दिसतो. त्यांनी कळवलं, की सोव्हिएत संघ कोसळल्यावर ते एकदा आईला विपुरीकडे घेऊन गेले होते. घराचा नुसता पाया उरलेला. आईने तिथला एक दगड पिशवीत घालून आणला.

एप्रिल २०२३ मध्ये फिनलंड नाटोत गेला आणि त्याच वर्षाअखेर त्यांनी रशियाकडची सीमानाकी बंद केली. तेव्हा मी त्यांना मेल केली. दुसऱ्या दिवशी उत्तर आलं, नेहमीसारखं तोकडं. आई २०१९ मध्ये गेली. दगड तिच्या खिडकीत होता, आता माझ्या खिडकीत आहे.